ग्रंथ आहे, पण दाखवता येत नाही

पोस्ट लांबलीय, आधीच सांगतो. दोन दिवस बातम्यांच्या मधल्या वेळात लिहितोय. सवडीनं वाचा.

मागच्या महिन्यात एका शाळेच्या विज्ञान प्रदर्शनाची बातमी करायला गेलो होतो. शाळेचं नाव लिहीत नाही, पोरांचा त्यात काय दोष. ठिबकचं मॉडेल, पुराची सूचना देणारा भोंगा, उसाच्या चिपाडापासून वीज, आणि दरवर्षीचा तो सोड्याचा ज्वालामुखी. कोपऱ्यात थर्माकोलचं एक मजल्यावर मजले असलेलं विमान होतं, त्याला सोनेरी कागद लावलेला. खाली तक्ता: महर्षी भरद्वाजकृत वैमानिक शास्त्र, सात हजार वर्षांपूर्वीचे विमान, इंधन पारा. आठवीतली एक मुलगी घडाघडा माहिती सांगत होती. पाठांतर चोख, आवाज खणखणीत. मी विचारलं, "बाळा, हा ग्रंथ आहे कुठं?"

"सरांच्या मोबाईलमध्ये."

सरांनीही लगेच मोबाईल काढून पीडीएफ दाखवली. माणूस भला, पोरांसाठी पदरचे पैसे घालणारा. म्हणाले, "आपल्या लोकांना आपलीच किंमत नाही हो. पेपरात जरा सविस्तर छापा." मी म्हणलं, छापतो, पण आधी ग्रंथ कुणी लिहिला, कधी लिहिला, पहिली प्रत कुणाकडं होती एवढं बघतो. पत्रकारितेच्या पदविकेत पहिल्या आठवड्यात शिकवलेले सहा प्रश्न एवढीच आपली विद्या. ती नगरपालिकेच्या टेंडरला लागू पडते तशी महर्षींनाही लागू पडते.

तर ही त्या ग्रंथाची हकिकत.

बंगळूरजवळ आनेकल नावाचं गाव आहे. तिथले पंडित सुब्बराय शास्त्री. यांनी १९१८ ते १९२३ या काळात तोंडानं श्लोक सांगितले आणि वेंकटाचल शर्मा यांनी ते लिहून घेतले. शास्त्रींचं म्हणणं असं की हे ज्ञान मुळात भरद्वाज ऋषींचं आहे आणि आपल्याला ते गूढ मार्गानं मिळालं. पुढं बंगळूरच्याच एका अभियांत्रिकी संस्थेतल्या एल्लप्पा नावाच्या ड्राफ्ट्समनकडून विमानांची चित्रं काढून घेतली गेली. म्हैसूरचे जी. आर. जोस्येर यांनी १९७३ साली इंग्रजी भाषांतरासह पुस्तक छापलं. आज व्हॉट्सॲपवर फिरतात ती चित्रं एल्लप्पांची. म्हणजे सात हजार वर्षांपूर्वीच्या विमानाचं जे चित्र आपण फॉरवर्ड करतो ते काढणारा माणूस विसाव्या शतकात पगारावर होता.

१९७४ साली बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच संशोधकांनी हा ग्रंथ रीतसर तपासला. इथं एक गोष्ट मुद्दाम सांगतो, कारण "शास्त्रज्ञांनी न वाचताच फेटाळलं" असं नेहमी ऐकू येतं. त्यांनी वाचलं. श्लोक बघितले, संस्कृत बघितलं, ग्रंथ कुणाच्या हातून कुणाकडं गेला त्याचा माग काढला, आणि शकुन, सुंदर, रुक्म, त्रिपुर या चारही विमानांची मापं घेऊन ती उडतील का याचं गणित मांडलं. निष्कर्ष असा: भाषा वैदिक नाही, अलीकडची आहे. ग्रंथ १९०४ च्या आधीचा नाही. आणि यातलं एकही विमान उडण्यासारखं नाही.

सुब्बराय शास्त्रींनी हे पैशासाठी केलं असा आरोप माझ्या वाचनात नाही. त्यांना ते खरंच दिसत असेल, आतून ऐकू येत असेल. त्यावर मला काही बोलायचं नाही. पण ऋषींनी लिहिलं आणि शास्त्रींना सुचलं, या दोन वेगळ्या बातम्या आहेत. त्यांचा मथळा एक होऊ शकत नाही.

या गोष्टीत आपला एक मराठी माणूसही आहे, शिवकर बापूजी तळपदे. मुंबईचे. १८९५ साली त्यांनी चौपाटीवर ‘मरुत्सखा’ नावाचं विमान दीड हजार फूट उंच उडवलं, असं सांगितलं जातं. त्यावर २०१५ साली ‘हवाईजादा’ नावाचा हिंदी सिनेमाही आला. त्याच जानेवारीत मुंबई विद्यापीठात भरलेल्या भारतीय विज्ञान काँग्रेसमध्ये प्राचीन विमानविद्येवर निबंध वाचला गेला आणि सगळ्या चॅनेलवर धुरळा उडाला. तळपद्यांच्या उड्डाणाची बातमी त्या काळच्या वर्तमानपत्रात आली होती म्हणतात. मी पेपरवाला, मला त्या कात्रणात फार रस. ज्यांना ज्यांना विचारलं त्यांनी दुसऱ्याचं नाव सांगितलं. कात्रण अजून कुणी हातात दिलेलं नाही.

तळपद्यांबद्दल मात्र मला मनापासून आदर आहे. त्यांनी १९०७ साली ‘प्राचीन विमानकलेचा शोध’ नावाचं पुस्तक स्वतःच्या नावानं छापलं. ग्रंथातलं विमान खरं करायला हा माणूस सामान घेऊन कामाला लागला. नाही जमलं तर नाही जमलं. पुस्तकावर स्वतःचं नाव घालणारा आणि घरात करवत-हातोडी चालवणारा माणूस मला कधीही चालेल.

कुणी म्हणेल, एवढं काय मनावर घेता? कल्पनाच आहे, पोरांना गंमत वाटते. कल्पनेला माझा विरोध असता तर मी या भागात राहिलोच नसतो. सांगलीत १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं. त्यांच्या नाटकात राक्षस आरडाओरडा करत यायचे, बघणारे घाबरायचे. पण नाटक संपलं की तोच राक्षस तोंडावरचा रंग पुसून जेवायला बसायचा आणि ते सगळ्यांना ठाऊक असायचं.

पुस्तकांचंही तसंच. अमेरिकेत एच. पी. लव्हक्राफ्ट नावाचा भयकथा लिहिणारा होऊन गेला. त्यानं ‘नेक्रोनॉमिकॉन’ नावाचा एक भयंकर प्राचीन ग्रंथ कल्पनेनं रचला. एका वेड्या अरबानं लिहिलेला, वाचेल त्याचं डोकं फिरवणारा. १९२७ साली तर त्यानं या नसलेल्या ग्रंथाचा इतिहासच लिहून काढला. मूळ अरबी, मग ग्रीक भाषांतर, मग लॅटिन, मग पोपची बंदी. इतकं बेमालूम की वाचक पत्रं लिहून विचारायला लागले, हा ग्रंथ कुठं मिळेल? लव्हक्राफ्ट सरळ कळवायचा, मिळणार नाही, मी रचलाय. तो १९३७ साली वारला. आणि १९७७ साली न्यूयॉर्कमध्ये कुणीतरी ‘हाच तो खरा नेक्रोनॉमिकॉन’ म्हणून पुस्तक काढलंच, सायमन या नुसत्या एका नावानं. ते आजही विकत मिळतं. लेखक नाही म्हणत होता, पण गिऱ्हाईक तयार होतं ना.

आपल्याकडं नारायण धारप. माझ्या पिढीतल्या कितीतरी पोरांनी वाचनालयातनं धारप आणून पांघरुणात बॅटरी लावून वाचलेत. जुने वाडे, तळघरं, कुलुपातल्या पोथ्या, सगळं त्यात. ‘तुंबाड’ सिनेमा २०१८ साली आला, त्यामागं धारपांची कथा आहे. वाड्यातलं गुप्तधन आणि माणसाची हाव. पण धारपांच्या पुस्तकावर ‘कादंबरी’ असं छापलेलं असायचं. पुस्तकाची किंमत छापलेली असायची. त्यापलीकडं त्यांनी वाचकाकडून एक रुपया मागितला नाही.

गुप्तधनाचा विषय निघालाच आहे तर आता मूळ मुद्द्याला येतो. शाळेतलं विमान हे निमित्त झालं. डोक्यात दुसरंच होतं.

आमच्या तालुक्यांमध्ये एक धंदा चालतो. माणूस येतो. गाडी बरी असते, बोलणं गोड असतं. सोबत लाल कापडात गुंडाळलेला ग्रंथ. त्याचं नाव दरवेळी बदलतं, कधी रावणाचा, कधी नाथांचा, कधी नुसताच ‘जुना’. त्या ग्रंथात तुमच्या शेतात काय पुरलंय ते लिहिलेलं असतं. तुमच्या घरात पोर का होत नाही, बोअरला पाणी का लागत नाही, सगळं. फक्त तो उघडून दाखवता येत नाही. "अधिकार लागतो." अशाच एकाला मी एका लॉजवर भेटलो होतो. म्हणलं, महाराज, एक पान दाखवा, फोटो काढत नाही. तो म्हणाला, "तुमचे डोळे जातील." मी म्हणलं, चष्मा आहेच. तिथनं पुढं चहा आला नाही.

म्हैसाळचं प्रकरण सांगलीकरांना विसरणं शक्य नाही. मिरज तालुका, २० जून २०२२. दोन भावांच्या दोन घरांत मिळून नऊ माणसं मेलेली सापडली. एक भाऊ जनावरांचा डॉक्टर, दुसरा शिक्षक. म्हणजे अडाणी म्हणून हात झटकायची सोय नाही. सुरुवातीला सगळीकडं सावकारी कर्जातून आत्महत्या असंच छापून आलं आणि सावकारांवर गुन्हेही नोंदले गेले. काही दिवसांनी पोलिसांनी सांगितलं की गुप्तधन काढून देतो म्हणून या कुटुंबाकडून पैसे घेतलेल्यांनीच त्यांना विष दिलं. पोलिसांचं हे म्हणणं ऐकलं त्या दिवशी आमच्या ऑफिसात बराच वेळ कुणी काही बोललं नाही. शिकलेल्या घरात बाहेरचा माणूस काहीतरी गूढ सांगून आत कसा शिरला असेल, याचाच विचार सगळ्यांच्या डोक्यात.

मला वाटतं तो याच दारातनं शिरतो. ‘प्राचीन ग्रंथात लिहिलंय’ म्हणलं की पुढं विचारायचं नसतं, ही सवय. विमान सात हजार वर्षांपूर्वीचं आहे हे आठवीत न विचारता मान्य केलं, की पुढं चाळिशीत शेतात हंडा आहे हेही न विचारता मान्य होतं. दोन्ही ठिकाणी पुरावा एकच, पुस्तक, आणि ते बघायचं नाही. शाळेतल्या सरांना मी त्या माणसाच्या पंगतीत बसवत नाही. त्यांनी कुणाला फसवलेलं नाही. पण पोरांना प्रश्न विचारायचं शिकवायच्या दिवशी त्यांनी नेमकं उलटं शिकवलं.

आणि जुन्या ग्रंथांचा एवढा अभिमान आहे, तर ते जिथं खरोखर आहेत तिथं किती जण जातात? वाई इथनं लांब नाही. प्राज्ञपाठशाळेत एकदा बातमीसाठी गेलो असताना जुनी पोथी जवळनं बघायला मिळाली. बासनात बांधलेली, वर-खाली लाकडी फळ्या, मध्ये सुटी पानं. शाई अजून काळीभोर. मला वाटलं होतं त्यात काहीतरी जबरदस्त गूढ असणार. धर्मशास्त्र होतं. कुणी काय करावं, किती दान द्यावं, चुकलं तर प्रायश्चित्त काय. अशा पोथ्यांच्या शेवटी लिहिणाराचा मजकूर असतो. शक अमुक, महिना, तिथी, गाव, माझं नाव, अमक्यासाठी लिहिलं. आणि बऱ्याच ठिकाणी तो नकलाकार वाचणाऱ्याला विनवतो, की मूळ प्रतीत दिसलं तसंच उतरवलंय, मला दोष देऊ नका. पाठ मोडून, मान वाकवून लिहिलंय, तेला-पाण्यापासून जपा, मूर्खाच्या हाती देऊ नका. मला ते वाचताना आमचा जुना कंपोझिटर आठवला. खरं पुस्तक असं असतं. त्यामागं कुणाचीतरी दुखणारी पाठ असते. लाल कापडातल्या ग्रंथामागं कुणाची पाठ होती ते विचारा, सांगता येणार नाही.

याच पाठशाळेत तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी घडले. गांधींना अस्पृश्यतेबद्दल शास्त्र काय म्हणतं ते हवं होतं, तेव्हा त्यांनी ग्रंथ उघडून आधार काढून दिले. १९३३ साली पुण्यात देवदास गांधी आणि राजाजींची मुलगी लक्ष्मी यांचं आंतरजातीय लग्न लागलं, ते शास्त्रीबुवांनी लावलं. ग्रंथात काय आहे ते ठाऊक असलेला माणूस ग्रंथाला भीत नाही. पुढं त्यांनीच वाईत बसून मराठी विश्वकोश उभा केला. पहिला खंड १९७६ साली निघाला. त्यात नोंदीखाली लिहिणाऱ्याचं नाव असतं. कुणाला चूक दिसली तर कॉलर कुणाची धरायची ते कळतं. आता तर तो इंटरनेटवर फुकट आहे. फॉरवर्ड मात्र कुणी करत नाही.

औंधची गोष्ट तर मला राहून राहून नवल वाटते. बंगळुराकडं शास्त्री आपला ग्रंथ सांगायला लागले ते १९१८ साल. त्याच साली आपल्या औंधात पंडित श्रीपाद दामोदर सातवळेकर येऊन राहिले आणि स्वाध्याय मंडळ सुरू झालं. सातवळेकर मूळचे चित्रकार, मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये शिकलेले. त्यांनी औंधसारख्या आडगावात छापखाना चालवून वेद छापले, अर्थासकट, घेणाऱ्याला परवडतील असे. ज्या ग्रंथांना हजारो वर्षं बंद दार होतं ते त्यांनी टपालानं घरोघर पाठवले. आपण प्राचीन प्राचीन म्हणतो ते सगळ्यात प्राचीन पुस्तक एक माणूस साताऱ्याच्या माळावरनं छापून विकत होता आणि त्यात कुणाचे डोळे गेल्याचं ऐकिवात नाही. गांधींच्या खुनानंतरच्या दंगलीच्या दिवसांमागोमाग, १९४८ साली, त्यांना गुजरातेत पारडीला जावं लागलं. त्याबद्दल आपण सातारकर फारसं बोलत नाही. असो.

याच औंध संस्थानात १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांना कारखान्यासाठी माळरान मिळालं. आजची किर्लोस्करवाडी. लक्ष्मणराव आधी मुंबईत यंत्रांची ड्रॉइंगं शिकवायचे. त्यांच्या ड्रॉइंगवरनं लोखंडी नांगर ओतला जायचा आणि तो काळ्या रानात चालायचा. नाही चालला तर शेतकरी परत आणून टाकायचा. एल्लप्पांच्या ड्रॉइंगचं विमान कुणी परत आणून टाकलं नाही, कारण ते कुणी नेलंच नव्हतं.

डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचे. डॉक्टर झाले मिरजेत. म्हणजे दोन्ही जिल्ह्यांचे. त्यांची भाषणं कव्हर केलेल्यांना आठवत असेल, आवाज कधी चढायचा नाही. देवाधर्माला आमचा विरोध नाही, शोषणाला आहे, हे किती वेळा सांगितलं असेल. २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात त्यांना गोळ्या घातल्या, आणि ज्या कायद्यासाठी ते वर्षानुवर्षं हेलपाटे घालत होते त्याचा वटहुकूम त्यानंतर अवघ्या काही दिवसांत निघाला. डिसेंबरात कायदा झाला. गुप्तधन शोधून देतो म्हणून केलेले अघोरी प्रकार त्यात येतात. त्यासाठी पोलीस ठाण्याला दक्षता अधिकारी नेमायची तरतूद आहे, पोलीस निरीक्षकाच्या खालच्या दर्जाचा नको असं कायदा म्हणतो. हे मुद्दाम लिहितोय, कारण गावात अजून लोकांना वाटतं की अशा तक्रारीला कलमच नसतं.

कलम आहे, तक्रारदार नसतो. आमच्याच भागातली एक बाई आहे. नाव, गाव काही लिहीत नाही. लाल कापडवाल्यानं तिच्याकडनं मंगळसूत्र, दोन पाटल्या आणि म्हैस विकून आलेले पैसे नेले. चार महिने मी तिच्याशी बोलतोय. बातमी करायला तक्रार लागते, नाहीतर उद्या मलाच नोटीस. ती तक्रार देत नव्हती. पैशाची लाज म्हणून नाही. तिचं म्हणणं वेगळंच होतं. "दादा, त्या पोथीत माझं नाव निघालं हुतं. मालकाचंबी. त्येनं वाचून दावलं. म्या तक्रार दिली तर त्यो आमची नावं खोडंल."

तुम्ही स्वतः बघितलं का नाव?

"मला वाचाय कुठं येतंय?"

यावर मी काय बोलणार? पत्रकार म्हणून असलेली सगळी उत्तरं तिथं उपयोगाची नव्हती. तिच्यासाठी तो ग्रंथ माझ्या पेपरापेक्षा, पोलिसापेक्षा, कायद्यापेक्षा खरा होता. मी तिला सांगितलं, मावशी, मी त्याच्याकडं एक पान मागितलं होतं. त्यानं दिलं नाही. ती बराच वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "तुमाला लिवता-वाचता येतंय, तरी न्हाई दिलं?"

परवा तिचा फोन आला. तिची पुतणी बारावीत आहे, तिला सोबत घेऊन येते म्हणाली. अर्ज पुतणी लिहिणार आहे, बाईंनी सांगायचं आणि तिनं लिहायचं, आणि लिहिलेलं परत वाचून दाखवायचं, असं त्यांचं त्यांनीच ठरवलंय. सोमवारी अकराला ठाण्यात जायचंय. अंनिसचे एक कार्यकर्ते सोबत आहेत. या माणसाकडं आणखी कुणाचे पैसे अडकले असतील तर त्याआधी मला इनबॉक्स करा. नाव बाहेर जाणार नाही.